गॅलियमचं गाऱ्हाणं

मी गॅलियम बोलतोय. नाव ओळखीचं वाटलं नाही ना? वाटणारही नाही. शाळेच्या पुस्तकात माझ्या वाट्याला एखादी ओळ येते, तीही पाऱ्याच्या मागे 'आणि' लावून. पोरं ती परीक्षेपुरती पाठ करतात आणि पेपर झाला की विसरून जातात. मी रागावत नाही. रागवायलाही अंगात जोर लागतो आणि मी आता फार दमलोय.

मी धातू आहे. दिसायला चांदीसारखा. पण धातू म्हटल्यावर तुमच्या डोळ्यांपुढे कोयता येतो, तवा येतो, तसा मी नाही. तीस अंशांच्या जरा अलीकडेच मी वितळतो. तुम्ही मला मुठीत धरलंत तरी तुमच्या अंगाच्या उबेनं माझं पाणी होतं. पुस्तकात 'कक्ष तापमानाला द्रवरूप असणारी मूलद्रव्ये' असा एक प्रश्न असतो. त्याच्या उत्तरात पारा आणि ब्रोमीन ही दोन नावं पक्की. माझं नाव कुणी घालतं, कुणी गाळतं. कारण तो कक्ष नेमका कुणाचा, हे कुणी लिहून ठेवलेलं नाही. थंड खोलीत बसलेल्या साहेबाच्या टेबलावर मी दगड असतो. इथे श्रीवर्धन तालुक्यात, बोर्ली पंचतनजवळच्या एका पत्र्याच्या पडवीत, होळीच्या आसपास मी दिवसभर पातळ असतो. म्हणजे मी कोण, हे माझ्याकडे बघून ठरतच नाही. खोलीकडे बघून ठरतं.

पाऱ्याचं बरं असतं. तो कायमचा पातळ, त्याला कुणी विचारत नाही. पण तो विषारी, म्हणून आता शाळाशाळांतून त्याला हाकलतायत. ब्रोमीन लालभडक, त्याची वाफ नाकात गेली की माणूस खोकून खोकून बेजार. त्याच्या वाटेला कुणी जात नाही. सीझियम म्हणून आमचं एक चुलत भावंड आहे, तेही उन्हाळ्यात पातळ होतं. पण हवा लागली की पेट घेतं, म्हणून त्याला कुणी घरात आणत नाही. उरलो मी. विषारी नाही, पेटत नाही, वास नाही. म्हणून सगळ्यांच्या हातात मी.

माझा जन्म लाल मातीतला. बॉक्साइट नावाचा दगड असतो, त्यातून ॲल्युमिनियम काढतात. मी त्याच दगडात असतो, अगदी चिमूटभर. आधी ॲल्युमिनियम निघतं, त्याची भांडी होतात, खिडक्या होतात, विमानं होतात. मग मागे उरलेल्या पाण्यातून मला गाळून काढतात. एका पोटातले आम्ही, पण त्याचं नाव घरोघरी आणि मी बाटलीत. तरी माझी त्याच्यावरची माया काही गेली नाही. ॲल्युमिनियम दिसलं की मला त्याच्यात शिरावंसं वाटतं. शिरतोच मी. त्याच्या कणाकणांमधून आत जातो आणि तिथे मला घरी आल्यासारखं होतं. त्याचं मात्र त्यात वाटोळं होतं. वरून तसंच चकचकीत दिसतं आणि आतून भुसभुशीत होतं. आमच्या गोष्टीत पुढे जे घडलं ते एवढ्यावरूनच, म्हणून आधी सांगून ठेवतो.

मला विकत आणलं विवेक गुरुजींनी. ते इथल्या एका हायस्कुलात विज्ञान शिकवतात. शाळेतले पाऱ्याचे तापमापक काढून टाकले तेव्हा मुलांना द्रवरूप धातू दाखवायला काही उरलं नाही, म्हणून त्यांनी पदरमोड करून मला मागवलं. प्लास्टिकच्या छोट्या बाटलीत मी आलो. सुरुवातीचे दिवस खरंच कौतुकाचे होते. गुरुजींनी साच्यात ओतून माझा चमचा केला आणि पहिला प्रयोग घरीच, स्वतःच्या आईवर केला.

त्यांची आई म्हणजे भिमाबाई. चहाच्या कपात चमचा ढवळता ढवळता त्यांच्या हातात नुसता दांडा उरला. त्यांनी कपात पाहिलं, दांड्याकडे पाहिलं.

"ह्ये काय आनलंस रं? चमचा कुटं गेला?"

गुरुजी हसले. त्यांची मुलगी साक्षी हसून हसून लोळली. भिमाबाई हसल्या नाहीत. त्यांनी तो चहा मोरीत ओतायला लावला आणि माझ्याकडे बोट दाखवून म्हणाल्या, "घडीत घट, घडीत पातल. ह्यो इमानाचा न्हाय." मला ते लागलं. पण खोटं म्हणता येईना.

मग शाळा. पाचवीपासून दहावीपर्यंत प्रत्येक तुकडीत मला फिरवलं. या हातातून त्या हातात. कुणाच्या हाताला घाम, कुणाच्या हाताला वड्याचं तेल. प्रत्येक मुठीत मी वितळायचो, "आयला, विरघळला रे!" असा ओरडा व्हायचा, मग गुरुजी मला गार पाण्यात ठेवून पुन्हा घट्ट करायचे आणि पुढच्या वर्गात न्यायचे. तुम्हाला एकदा मजा वाटते. मला दिवसातून कितीदा तरी स्वतःला सोडायचं आणि पुन्हा गोळा करायचं. यात कसला आनंद असतो, ते मला अजून कळलेलं नाही. साक्षीही त्याच शाळेत आठवीत होती. तिनं मला एकदा युनिफॉर्मच्या बाहीला पुसलं आणि तिथे राखाडी डाग पडला. तो काही केल्या निघाला नाही. तेव्हापासून गॅलियमचा डाग तिला नुसत्या नजरेनं ओळखू यायला लागला.

पुढे शाळेत मोठा डिजिटल फळा आला. त्याच्यावर माझा व्हिडिओ दिसतो. व्हिडिओतला गॅलियम माझ्याहून देखणा आहे, शिवाय कधी सांडत नाही. मग मला कोण विचारतंय? एका प्रदर्शनासाठी गुरुजींनी मला प्लास्टिकमधून काढून औषधाच्या काचेच्या बाटलीत भरलं, शोभा म्हणून. प्रदर्शन संपलं, मला घरी आणलं आणि पडवीतल्या फळीवर, दिव्यांच्या माळा आणि जुन्या कुलपांच्या शेजारी ठेवून दिलं. तिथे मी पडून राहिलो. खरं सांगतो, मला वाईट वाटलं नाही. कुणी हात लावत नव्हतं, एवढंच पुष्कळ होतं.

पण काचेत मला ठेवायचं नसतं. पाणी गोठताना फुगतं, तसा मीही घट्ट होताना फुगतो. हे गुरुजींना माहीत होतं, वर्गात शिकवलंही होतं. पण शिकवलेलं सगळंच घरी आठवतं असं नाही. थंडीत एका पहाटे मी घट्ट झालो आणि बाटलीच्या तळाला बारीक तडा गेला. कुणाला कळलं नाही. मीही घट्ट होतो, जागच्या जागी बसून राहिलो. मग दिवस तापायला लागले. पत्रा तापला, मी सुटलो आणि त्या तड्यातून, फळीच्या फटीतून थेंब थेंब खाली गेलो.

खाली खुंट्यांवर शिडी आडवी टांगलेली होती. ॲल्युमिनियमची.

ती वाडीतल्या बुद्धविहाराची शिडी. विवेक गुरुजी मंडळाचे सचिव, म्हणून ती त्यांच्या पडवीत असायची. दरवर्षी जांभ्याच्या पायऱ्यांवरून ओढत नेऊन तिचे दोन्ही दांडे खरवडले होते. ओरखड्यांतून आत जायला मला वाट मिळाली. मी आत गेलो. कुणाचं वाईट करायला गेलो नाही. पाणी उताराला जातं तसा गेलो. थोडासा वर दांड्यावर राखाडी होऊन राहिलो, थोडा बाटलीतच उरलो, आणि बाकीचा त्या दांड्याच्या पोटात.

आता त्या शिडीवर कोण चढतं ते ऐका. भिमाबाईंचे यजमान रामजी आबा. जन्मभर एस.टी.ची गाडी चालवली, माणगाव ते श्रीवर्धन. चौदा एप्रिलला, जयंतीच्या सकाळी विहाराच्या गच्चीवरचा जुना झेंडा उतरवून नवा निळा झेंडा बांधायचा मान त्यांचा. मान कुणी दिला नव्हता. तरुणपणी त्यांनी तो घेतला आणि नंतर कधी सोडला नाही. विहाराला जिना नाही, त्यामुळे शिडी लावूनच वर जावं लागतं. खाली शिडी धरायला भिमाबाई. त्यांनाही ते काम कुणी दिलं नव्हतं.

यंदा घरात त्यावरून बोलणी झाली होती. पडवीत बसून झाली, म्हणून मला ऐकू आली.

"आबा, या वर्षी मी चढतो ना," विवेक गुरुजी म्हणाले. "वय बघा तुमचं."

"वय तुझ्या सरकारी कागदावर हाय. घाटात गाडी चालवलीय मी. हात कदी थरथरला न्हाय."

"घाटात गाडीला चार चाकं होती," भिमाबाई म्हणाल्या.

"तू गप गो. तू नीट धर म्हंजे झालं."

मी फळीवर होतो आणि शिडीतही होतो, दोन्हीकडून ऐकत होतो. मला तोंड असतं तर ओरडलो असतो की अहो, या शिडीचा डावा दांडा आता दांडा राहिलेला नाही, त्यात मी आहे. पण आमच्यासारख्यांना बोलता येतं ते असं, सगळं होऊन गेल्यावर. त्या दिवसांत मला पहिल्यांदा भीती वाटली. आजवर मी चमचे मोडले होते. माणूस कधी पाडला नव्हता.

चौदा एप्रिल उजाडला. सकाळीच ऊन चटचटत होतं. वाडीतली सगळी माणसं पांढऱ्या कपड्यांत विहारापुढे जमली. गुरुजी आणि साक्षी शिडी उचलून घेऊन आले. शिडी मोडली नाही. मला वाटलं होतं की नेतानाच मोडावी, कुणाच्या पायाखाली नसताना. पण भार पडल्याशिवाय मोडेल ती शिडी कसली. तिला भिंतीला टेकवून उभी केली. गुरुजी लाऊडस्पीकरची वायर जोडायला मागे गेले. आबांनी चपला काढल्या, झेंडा खांद्यावर टाकला आणि पहिल्या पायरीवर पाय दिला. भिमाबाई पुढे झाल्या आणि दरवर्षीप्रमाणे दोन्ही दांडे धरून खांदा टेकून उभ्या राहिल्या. त्यांचा खांदा बरोबर माझ्यावर आला.

आबा दुसऱ्या पायरीवर गेले. वरचा भार मला कळायला लागला. आणखी दोन पायऱ्या, आणि माझ्या जागी दांडा तुटणार होता. खाली जांभ्याचं जोतं होतं, वर आबा आणि त्यांच्या खाली भिमाबाई. मी घट्ट व्हायचा फार प्रयत्न केला. एप्रिलमध्ये रायगडात गॅलियम घट्ट होत नाही.

आबा आणखी एक पायरी चढले. तेवढ्यात भिमाबाईंनी कपाळावरचा घाम पुसायला हात सोडला आणि तळहात डोळ्यांसमोरून गेला. तळहात राखाडी झाला होता. त्यांनी खांद्याकडे पाहिलं. जयंतीसाठी माणगावहून आणलेली नवी कोरी पांढरी साडी, आणि खांद्यावर हातभर काळपट डाग.

"अगो बाय माझे! ह्ये काय लागलं?"

त्यांनी दुसराही हात सोडला आणि पदर झटकायला लागल्या. शिडी हलली. आबा वरून खेकसले, "शिडी सोडलीस? शिडी सोडलीस तू?"

"साडी बगा माझी! आजच नेसलेय."

"आदी झेंडा, मग साडी! धर!"

"न्हाय धरत. ह्ये काय हाय ते कलल्याबिगर न्हाय धरत."

आबांचा पारा चढला. बघा, रागसुद्धा तुम्ही त्याच्याच नावावर लावलाय. गॅलियम चढला असं कुणी म्हणत नाही. पण त्या घडीला मी पाऱ्याचे मनातल्या मनात पाय धरले. कारण पारा चढला म्हणून आबा खाली उतरले. चार माणसांसमोर बायकोला नीट सुनावायचं तर जमिनीवर पाय हवेत. ते तावातावाने पायऱ्या उतरून आले आणि तोंड उघडणार, तेवढ्यात साक्षी मध्ये घुसली. तिनं आजीच्या खांद्यावरचा डाग बोटाने चोळून पाहिला. बोटाकडे पाहिलं, मग शिडीच्या दांड्याकडे.

"पप्पा!" ती किंचाळली. "पप्पा, शिडीला गॅलियम लागलंय!"

गुरुजी हातातली वायर टाकून धावत आले. दांडा पाहिला. त्यांचा चेहरा पांढरा पडला. त्यांनी सगळ्यांना मागे व्हायला सांगितलं, शिडी जमिनीवर आडवी घातली आणि डाव्या दांड्यावर पाय ठेवून जरासा भार दिला. दांडा खारी बिस्किटासारखा तुटला. आतून राखाडी भुगा पडला.

आबा त्या भुग्याकडे बघत राहिले. मग जोत्याकडे. मग भिमाबाईंकडे. त्या अजून डाग झटकत होत्या आणि झटकता झटकता रडत होत्या. साडीसाठी नाही, हे तिथल्या लहान पोरालाही कळलं.

शेजारच्या विनेशने घरून बांबूची शिडी आणली. आबांनी झेंडा पुन्हा खांद्यावर घेतला आणि पुढे झाले. पण भिमाबाई आडव्या आल्या. "मी जाते."

"तू?"

"व्हय, मी. लगीन झाल्यापास्नं खालनं शिडी धरतेय. वरनं खाडी दिसते म्हनता. मला कुनी इचारलं का कदी, भिमे, तुला वर यायचंय का म्हनून?"

विवेक गुरुजी "आई, अगं—" असं काही म्हणायला लागले, पण साक्षीने त्यांचा हात दाबला. भिमाबाईंनी कासोटा खोचावा तसा पदर घट्ट खोचला, झेंडा घेतला आणि चढल्या. हळूहळू चढल्या, पण थांबल्या नाहीत. खाली रामजी आबांनी शिडी धरली. नुसती धरली नाही, छातीशी कवटाळली. गच्चीवर पोचल्यावर भिमाबाई बराच वेळ खाडीकडे बघत उभ्या राहिल्या. खालून कुणी घाई केली नाही. मग त्यांनी झेंडा बांधला आणि वंदना सुरू झाली.

हे मी बघितलं ते त्यांच्या खांद्यावरून. त्या डागात मी होतो ना. तेवढी एक उंची माझ्या नशिबात आली.

नंतरचं सांगण्यासारखं थोडंच आहे. मोडलेली शिडी भंगारवाल्याला द्यायची नाही असं गुरुजींनी ठरवलं, नाहीतर मी आणखी कुणाच्या भांड्यात जायचो. उरलेला मी आता पुन्हा प्लास्टिकच्या बाटलीत आहे. वर मोठ्या अक्षरात नाव आहे आणि जवळपास ॲल्युमिनियमचं काही ठेवायचं नाही, अशी घरात ताकीद आहे. गुरुजींनी वडिलांची माफी मागितली. कुणी मला दोष दिला नाही. दिला असता तर कदाचित बरं वाटलं असतं.

जयंतीनंतर काही दिवसांनी दुपारी घरात कुणी नव्हतं. रामजी आबा पडवीत आले. फळीवरून बाटली काढली, खाटेवर बसले आणि मला मुठीत धरून राहिले. मला वाटलं आता फेकतात. फेकलं असतं तर मी रागावलो नसतो. पण ते हळू आवाजात बोलायला लागले. माझ्याशीच, कारण दुसरं कुणी नव्हतं.

"तू मला मारनार व्हतास रं," ते म्हणाले. "खरं सांगू? लई वर्सं झाली, वर गेलो की डोल्यांपुडं अंधारी येते. गच्चीवर पोचल्यावर आदी खाली बसायचो. खालच्यांना वाटायचं, म्हातारा झेंडा घडी घालतोय. भिमीला बी सांगितलं न्हाय. सांगायचं कसं? घाटात हात थरथरला न्हाय असं सगल्यांना सांगून ठेवलेलं." त्यांनी बाटली दुसऱ्या हातात घेतली. "औंदा वर न्हाय जावं लागलं. लई बरं वाटलं रं. आता दर वर्साला तीच जाईल म्हनते. जाऊ दे."

बाटलीचं प्लास्टिक पातळ असतं. त्यांच्या हाताची ऊब आत येत होती. तो हात थरथरत होता. मी तर आधीच वितळलेलो होतो, पण त्या हातात मला पहिल्यांदा त्याचं वाईट वाटलं नाही. या माणसालाही कितीतरी वर्षं, दुसऱ्यांनी ठरवल्याप्रमाणे, घट्ट राहावं लागलं होतं. एका मुठीत आम्ही दोघंही दमलेले होतो आणि त्यांनी ते बोलून टाकलं होतं.

तर वाचकहो, माझं गाऱ्हाणं एवढंच आहे. मला काचेत ठेवू नका आणि ॲल्युमिनियमजवळ ठेवू नका. माझी माया मला आवरत नाही. पाऊस येईल, जाईल, मग थंडी पडेल आणि मी घट्ट होईन. तेव्हा कृपा करून मजा म्हणून मला वितळवू नका. थोडे दिवस मला एका जागी, एका अवस्थेत राहू द्या. पण दुपारच्या वेळी आबा पडवीत आले आणि त्यांनी मला मुठीत घेतलं, तर त्यांना अडवू नका. त्यांच्यासाठी मी तेवढा वितळेन.